पट्टीखालचे आकडे

ट्रकच्या केबिनला मागच्या बाजूनं वीतभर काच होती. पांढुर्णा सोडल्यापासून प्रमिला मान वळवून त्या काचेतूनच बघत होती. मागं संत्र्याच्या रिकाम्या लाकडी पेट्यांची रास, आणि राशीवर दोरानं आवळून बांधलेली तिची नवी मोपेड. काचेतून सगळी मोपेड दिसत नव्हती. दिसत होतं ते फक्त मागच्या चाकाच्या डाव्या बाजूला बसवलेलं जास्तीचं जोडचाक. रस्त्यात खड्डा आला की ते आपोआप गरकन फिरायचं.

"मान आखडंल तुही," शेजारी बसलेला तिचा मोठा भाऊ मधुकर म्हणाला. "पडत नाई ते. म्या बांधली हाय."

मधुकर रेल्वेत गँगमन होता, रुळांचे बोल्ट आवळणारा. त्यानं आवळलेलं सुटत नाही, हे तिला ठाऊक होतं. तरी तिनं मान सरळ केली नाही.

प्रमिला सोमकुवर पांढुर्ण्यापासून सात किलोमीटर आत असलेल्या एका खेड्यात प्राथमिक शाळेत शिकवायची. दोन वर्षांची असताना तापात तिचा डावा पाय गेला होता. त्या गुडघ्यावर तळहात दाबून ती एकेक पाऊल टाकायची. रोजचे सात किलोमीटर जाणं आणि सात येणं त्या पायानं होण्यासारखं नव्हतं. अकरा वर्षं मधुकर तिला सायकलच्या कॅरिअरवर बसवून, पांढुर्ण्याला लागून असलेल्या सावरगावच्या घरून शाळेत नेत होता आणि संध्याकाळी आणत होता. त्याची ड्युटी कोणतीही असो, त्यानं ती त्याप्रमाणं बदलून घेतली होती. खेड्यातल्या बायका नाल्यावरून त्याची सायकल उतरताना दिसली की चुलीवरची भाजी उतरवायच्या, इतकी ती वेळ पक्की होती.

मार्चच्या सुरुवातीला त्याची बदली आमल्याला झाली. एक एप्रिलला तिकडं हजर व्हायचं होतं. बायको पुष्पा आणि लेकरं त्याच्याबरोबर जाणार होती. प्रमिलाही येणार, हे त्यानं धरूनच टाकलं होतं. शाळेचं काय, असं तिनं विचारलं तेव्हा तो म्हणाला होता की आधी सुट्टी टाकायची, मग बदलीचा अर्ज करायचा, झाली तर झाली. आणि नाही झाली तर आपल्या घरात तुझे दोन घास कोणाला जड आहेत?

यात प्रेमच होतं. पण त्या दिवसापासून प्रमिलाला एका जागी बसवेना. आमल्याचं रेल्वे क्वार्टर, त्याच्या दारात खाट, खाटेवर तांदूळ निवडत बसलेली ती स्वतः, आणि कोणी विचारलं तर पुष्पा सांगतेय की या आमच्या ननदबाई. फळ्यावर गणित लिहिताना तिला हे दिसायचं आणि हातातला खडू थांबायचा. वर्गातली पोरं मान वर करून बघायची, बाई काहून थांबल्या म्हणून.

चौथ्या दिवशी तिनं कोणाला न विचारता छिंदवाड्याला जाऊन मोपेड घेतली.

दोन चाकांवर तिला तोल सांभाळता येणार नव्हता. म्हणून मोपेड आधी पांढुर्ण्याला नत्थूजीच्या दुकानात गेली. नत्थूजी बैलगाड्यांचे आख आणि चाकांच्या लोखंडी धावा करणारा जुना लोहार. वेल्डिंगची मशीन त्यानं अलीकडंच बसवली होती. बगीच्यात फवारणीचा पंप ज्या गाड्यावर ठेवतात, तसल्या एका मोडक्या गाड्याची दोन चाकं त्यानं शोधून काढली, आडवा आख टाकला आणि मागच्या चाकाच्या दोन्ही बाजूंना ती जोडली. उजव्या पायडलला चामड्याची वादी लावून घेतली, म्हणजे एकाच पायानं ते खालीवर दोन्हीकडं फिरवून गाडी सुरू करता येईल. पोळ्यानंतरच्या गोटमारीला, दगडफेकीच्या जत्रेला, माणसांनी फुलून जाणारा जाम नदीचा काठ एरवी रिकामाच असतो. तिथं प्रमिला आठ दिवस सकाळी गाडी शिकली. मधुकर मागून कॅरिअर धरून पळायचा. सोड म्हटलं तरी सोडायचा नाही.

आता राहिला होता नंबर. दुकानदारानं दिलेला टेम्पररी नंबर महिन्याचाच होता. छिंदवाड्याचा परिवहन निरीक्षक महिन्यातून एकदा सौंसरला येऊन विश्रामगृहाच्या पटांगणात गाड्या तपासायचा आणि परवान्याची परीक्षाही घ्यायचा. आजचा कॅम्प हुकला तर पुढचा एप्रिलच्या शेवटी. तोवर टेम्पररी नंबर संपलेला, मधुकर आमल्याला गेलेला, आणि शाळेत वार्षिक परीक्षा चालू. म्हणजे आज नाही झालं, तर सुट्टीचा अर्ज लिहायचाच होता. तो अर्ज मधुकरनं शेजारच्या मास्तरांकडून आधीच लिहून घेतला होता, हे तिला पुष्पाकडून कळलं होतं.

प्रमिलाची सगळी भीती त्या दोन जोडचाकांची होती. कंपनीच्या गाडीला लोहाराची चाकं लावलेली सरकार कसं चालवून घेईल? तिनं तहसीलच्या वाचनालयात मोटारींच्या कायद्याचं पुस्तक काढून अपंगांच्या गाडीचं कलम दोनदा वाचलं होतं, वहीत उतरवून घेतलं होतं आणि पाठ केलं होतं. सिव्हिल सर्जनचा दाखला आणला होता. ट्रक सौंसरच्या बगीच्यांमधून जात होता, झाडांवर शेवटची संत्री लटकत होती, आणि ती ओठ न हलवता कलम म्हणत होती.

पटांगणात वीसेक गाड्या उभ्या होत्या. ट्रॅक्टर, दोन जीपा, बाकी मोटरसायकली. कडुलिंबाखाली एक माणूस टिनाच्या पेटीवर फॉर्म ठेवून भरून देत होता. त्याला सगळे भैय्याजी म्हणत होते. मोपेड ट्रकवरून उतरवली तेव्हा त्यानं चष्मा वर करून बघितलं.

"हे काय आणून राहिले, बाप्पा?" तो म्हणाला. "मोपेड हाय का रेंगी? बैल मागून येऊन राहिला का?"

चारपाचजण हसले. मधुकरच्या जबड्याची शीर ताठ झाली. प्रमिलानं त्याच्या मनगटाला हात लावला आणि भैय्याजीला सांगितलं की बैल सकाळीच विकून टाकला, आता पेट्रोलवरच भागवावं लागते. लोक पुन्हा हसले, या वेळी भैय्याजीकडं बघून. त्यानं निमूटपणे तिचा फॉर्म भरला. चेसिस नंबरची चौकट मात्र रिकामी ठेवली. ती गाडीवरून साहेबांसमोर भरायची असते, असं तो म्हणाला. सीटखालच्या पाइपवर आकडे कोरलेले असतात. त्यावर पातळ कागद ठेवून पेन्सिल घासायची आणि जो ठसा उठेल तो फॉर्मवर चिकटवायचा.

मधुकर तोवर ट्रकपाशी दोर गुंडाळायला गेला होता. प्रमिलानं मान हलवली. तिचं लक्ष नव्हतं. ती मनात कलम म्हणत होती.

निरीक्षक पन्नाशीचा, थकलेल्या चेहऱ्याचा, हिंदी बोलणारा माणूस होता. तो जोडचाकांपाशी वाकला, आख हातानं हलवून बघितला, प्रमिलाच्या पायाकडं एकदा आणि दाखल्याकडं एकदा बघितलं. तिनं कलम म्हणायला तोंड उघडलं, तोवर तो म्हणाला की हो, अपंगांच्या गाडीत नोंद होईल, काही अडचण नाही. बैतुलला त्यानं अशा दोन केल्या होत्या.

इतक्या दिवसांचं ओझं असं एका वाक्यात खाली गेलं. प्रमिलाला हसावं की रडावं कळेना.

"नंबर दिखाइए," निरीक्षक म्हणाला.

त्याच्या शिपायानं सीट उचलली. सीटखालच्या पाइपवर एक लोखंडी पट्टी होती. बोटभर रुंद, वीतभर लांब, दोन्ही टोकांना वेल्डिंगचे जाड फुगे, आणि वरून काळा रंग. शिपायानं पाइपच्या खालून बघितलं, बाजूनं बघितलं, नखानं खरवडलं. आकडे कुठंच नव्हते.

निरीक्षकानं आवाज चढवला नाही. ज्या गाडीचा नंबर दिसत नाही, ती कोणाची आहे हे मला कसं कळणार, एवढंच त्यानं विचारलं. चोरीच्या गाड्यांवर लोक असंच काहीतरी लावतात, हेही त्यानं सांगितलं. पण बाई, तुमच्यावर तसा संशय नाही. नंबर दाखवा, मी चार वाजेपर्यंत आहे. मग तो पुढच्या ट्रॅक्टरकडं वळला.

तेव्हा दीड वाजला होता.

मधुकर कडुलिंबाच्या सावलीत उभा होता. प्रमिला गुडघ्यावर हात दाबत त्याच्याकडं निघाली. आणि तिथवर पोचायच्या आधी तिला एक गोष्ट दिसली. अकरा वर्षं ज्या पाठीमागं बसून ती शाळेत गेली, ती पाठ तिला पाठ होती. थकल्यावर ती कशी होते, रागात कशी होते, हे ती डोळे मिटून सांगू शकली असती. आत्ता त्या पाठीतला ताण उतरला होता. गाठोडं खाली ठेवल्यावर माणसाचे खांदे जसे सैल पडतात, तसे त्याचे खांदे सैल पडले होते.

तिनं काही म्हणायच्या आत भैय्याजी मधे आला. मघाची थट्टा तो विसरला होता, किंवा आता धंद्याची वेळ होती. तो हळूच म्हणाला की एवढं मनावर घेऊ नका. बाजारात त्याचा एक ओळखीचा आहे, त्याच्याकडं आकड्यांचे पंच आहेत. कागदावर जो नंबर लिहिला आहे तोच या पट्टीवर ठोकून देईल. घडीभराचं काम. साहेब काय, ठसा बघतील आणि सही करतील.

मधुकर म्हणाला, "नाई."

"बाईले इचार ना."

"बाई बी नाईच म्हणंल."

प्रमिला तेच म्हणणार होती. खोटा नंबर ठोकलेल्या गाडीवर बसून ती पोरांना खरं बोला म्हणून सांगायला कशी जाणार होती? पण मधुकरनं तिच्या आधी, इतक्या पटकन नाही म्हटलं, की तिच्या मनात पाल चुकचुकली. भैय्याजी खांदे उडवून आपल्या पेटीकडं गेला, आणि ती मधुकरसमोर जाऊन उभी राहिली.

"भाऊ, नत्थूजीनं आख टाकला तेव्हा मी होती दुकानात. तेव्हा ही पट्टी नव्हती."

मधुकर खाली बघत होता.

"मागून मारली?"

"हाव."

"कोणाच्या म्हणण्यावरून?"

पटांगणात एक जीप चालू झाली, बंद पडली, पुन्हा चालू झाली. मग त्यानं सांगायला सुरुवात केली. त्याला तो आख कच्चा वाटला होता. रात्रपाळीत रुळावर बसलं की त्याला एकच दिसायचं. नाल्याचा उतार, आख मोडलेला, आणि ती पालथी पडलेली. म्हणून तो एकटाच नत्थूजीकडं गेला आणि सीटखालच्या पाइपलाही एक पट्टी मार म्हणाला. नत्थूजी म्हणाला होता की गरज नाही, माझा आख बैल बसला तरी वाकत नाही. मधुकरनं ऐकलं नाही.

"आणि आकडे?" प्रमिलानं विचारलं. "तिथं आकडे होते ते दिसले नाई तुम्हा दोघांले?"

"नत्थूजीले म्या म्हटलं, इथं काहीतरी कोरलं हाय. तो म्हणे, असंल कंपनीचं. बैलगाडीले कुठं नंबर असते, त्याले काय ठाव."

"त्याले नसंल ठाव. तू रेल्वेत हायस, भाऊ. तुह्या एकेका डब्याले नंबर असते."

मधुकरनं मान वर केली. त्याचे डोळे ओले नव्हते, पण त्यांच्यात बघवत नव्हतं.

"डब्याचा नंबर बाहेरून रंगवला असते, सगळ्याइले दिसंल असा. मले वाटलं, गाडीचा नंबर म्हणजे पाटीवरचा," तो म्हणाला. "आता खोटं कायले बोलू, पमे. शिपायानं सीट उचलली, तेव्हा मले समजलं. आणि मले बरं वाटलं."

प्रमिलाला त्याचा राग यायला हवा होता. तो येईना, म्हणून तिला स्वतःचाच राग आला. इतका वेळ उभं राहून तिच्या चांगल्या पायाला गोळे येत होते. बसायला जागा होती, पण बसलं तर उठता येणार नाही असं वाटत होतं. पटांगणातल्या गाड्या एकेक करून कमी होत होत्या. शेवटी ती एवढंच म्हणाली, "पट्टी काढ."

बाजारातल्या वेल्डिंगच्या दुकानात लाइट नव्हती. ती चारच्या आधी येत नाही, असं दुकानदारानं सांगितलं. त्यानं एक हॅकसॉ दिली आणि दोन पाती. मधुकर पटांगणातच मोपेडपाशी गुडघे टेकून बसला. आधी त्यानं उजवीकडचा वेल्डिंगचा फुगा कापायला घेतला. गँगमनचे हात, रुळाचे बोल्ट सोडवायची सवय. पण इथं पाइपला पातं लागू द्यायचं नव्हतं, पाइपला खाच पडली तर आकडेही जाणार आणि गाडीही. करवत कुरकुरत होती. घाम त्याच्या नाकावरून थेट पाइपवर पडत होता. प्रमिला शेजारच्या ओट्यावर टेकली आणि उठली, टेकली आणि उठली. निरीक्षकानं जेवण आटोपलं. शिपायानं एक खुर्ची आत नेली. तिला वाटलं, आता टेबल आत नेतील.

पहिलं पातं मोडलं. दुसरं लावताना मधुकरच्या अंगठ्याला लागलं. तिनं रुमाल पुढं केला, तो त्यानं घेतला नाही, आणि अंगठा तोंडात धरून पुन्हा कापायला लागला.

तीन वाजून गेल्यावर पट्टी एका टोकाला सुटली. त्यानं ती हातानं वर वाकवली, आणि खालीवर हलवत दुसऱ्या टोकाशी तोडली. खाली पाइपवरचा रंग जळून करपला होता, पण मधली जागा वाचली होती. दुकानदाराकडून आणलेल्या रॉकेलच्या चिंधीनं त्यानं ती पुसली. आकडे एकामागून एक वर आले, शेवटचा तेवढा अर्धवट.

शिपाई कागद घेऊन आला. त्यानं जाड कागदावर पेन्सिल दाबून घासली, कागद फाटला. तो म्हणाला, नाही उठत.

"मले द्या," प्रमिला म्हणाली.

तिच्या पर्समध्ये पतंगी कागद होता. वर्गात फुलं कापायला नेहमीच असायचा. पहिलीच्या पोरांना नाण्यावर कागद ठेवून ठसा काढायला तिनंच तर शिकवलं होतं. दाबू नका, पेन्सिल आडवी धरा, हळूहळू घासा, जसं मांजराच्या पाठीवरून हात फिरवता. ती मोपेडला टेकून उभी राहिली, वाकली आणि पेन्सिल आडवी धरली. एकदा घासलं, दोनदा घासलं. राखाडी पट्ट्यात पांढरे आकडे उमटले. शेवटच्या आकड्याचं पोट दिसेना, तेव्हा तिनं कागद किंचित सरकवला आणि पुन्हा घासलं. आठ होता.

निरीक्षकानं चष्मा लावून ठसा गाडीच्या कागदांशी ताडून बघितला. मग घड्याळ बघितलं. गाडी चालवून दाखवा, तो म्हणाला; झेंड्याच्या खांबाला वळसा घालून परत या. परवान्याचंही यातच बघून टाकतो.

आता पट्टी नव्हती. प्रमिला सीटवर बसली, वादीत उजवा पाय अडकवला. मागं कॅरिअरवर हात पडल्याचं तिला न बघता कळलं.

"भाई साहब, आप हटिए," निरीक्षक म्हणाला.

हात हटला नाही. प्रमिलानं मान वळवली नाही. "भाऊ," ती हळूच म्हणाली, "नत्थूजीनं गरज नाई म्हटलं होतं ना."

थोड्या वेळानं कॅरिअर हलकं झालं.

तिनं पायडल मारलं. गाडी दोनदा खोकली आणि सुरू झाली. पटांगणात खडी होती. डावं जोडचाक दर फेऱ्याला एकदा कर्र करत होतं, आणि तो आवाज तिच्या दातांपर्यंत येत होता. सीटखाली, जिथं पट्टी होती, तिथंच तिचं सगळं लक्ष होतं. खांबापाशी वळताना उजवं चाक क्षणभर वर उचललं गेलं. मग ते खाली टेकलं, आणि खांब मागं पडला. परत येताना तिला मधुकर दिसला. तो जिथं थांबला होता तिथंच होता, पण दोन्ही हात पुढं धरून, जणू अजून कॅरिअर त्याच्या हातात होतं.

निरीक्षकानं फॉर्मवर सही केली, शिक्का मारला. नंबर छिंदवाड्याहून पोस्टानं येईल, तोवर ही पावती जवळ ठेवा, असं तो म्हणाला. टेबल आत गेलं. भैय्याजी टिनाची पेटी बंद करून सायकलला बांधत होता. जाता जाता तो मोपेडपाशी थांबला आणि आखाकडं बघून म्हणाला की बाई, या लोहाराचं नाव काय? त्याच्या ओळखीत एक पोस्टमन होता, एका पायानं अधू. तिनं नाव सांगितलं.

ट्रक पाचला येणार होता. दोघं विश्रामगृहाच्या फाटकाशी थांबले. प्रमिला पावती पर्समध्ये ठेवायची, पुन्हा काढून बघायची. आख पट्टीशिवाय नाल्याच्या उतारावर टिकेल की नाही, हे तिलाही माहीत नव्हतं. आज टिकला होता, एवढंच. मधुकरच्या हातात ती वाकलेली लोखंडी पट्टी अजून होती. ती टाकावी की ठेवावी, हे त्याला ठरवता येत नव्हतं.

"उद्या शाळेत कशी जाशीन?" त्यानं विचारलं. "मी सोडून देऊ?"

तिनं त्याच्या अंगठ्याकडं बघितलं. रक्त सुकलं होतं. एक तारखेला अजून चार दिवस होते, आणि ते चारही दिवस त्यानं मनात धरले होते, हे तिला दिसत होतं.

"उद्या सोड," ती म्हणाली. "परवापासून नको."

मधुकरनं मान हलवली. लांबून ट्रकचा आवाज आला तसा तो पट्टी खिशात घालून दोर शोधायला लागला.